बुलेट ट्रेन अन् लोकल एकाच स्टेशनात? वाचकांचे प्रश्न, रेल्वेवाल्याची उत्तरं

नोकरी सगळी रुळांच्या देखभालीत गेली. आता मूर्तिजापूरच्या अलीकडे तूर आणि कपाशीत वेळ जातो, पण पत्रं येतात ती रेल्वेचीच. या वेळच्या बहुतेक पत्रांचा रोख जपानकडे आहे. एका फोटोनं सुरुवात झाली आणि तो फोटो बहुधा बऱ्याच मोबाइलांवर फिरला असावा. म्हणून हा कोपरा या अंकात त्यालाच दिला आहे.

प्रश्न : काकाजी, नमस्कार. माझा भाचा जपानात यामागाता भागात एका कारखान्यात कामाले आहे. त्यानं योनेझावा नावाच्या स्टेशनाचा फोटो धाडला. त्यात बुलेट ट्रेन उभी आहे अन् बाजूच्याच रुळावर आपल्या मेमूसारखी दोन डब्यांची लोकल. खाली साधी गिट्टी, साधे रूळ. उंच खांब नाही का पूल नाही. आम्ही तर ऐकून होतो का बुलेटले रस्ताच वेगळा लागते. पारावर वाद लागला. सरपंच म्हणतात फोटो एआयनं बनवला. तुम्ही रेल्वेत होते, तुम्हीच सांगा.
— एक शेतकरी वाचक, ता. कारंजा (लाड)

उत्तर : फोटो अस्सल आहे. सरपंचांना माझा रामराम सांगा. एआयनं काढला असता तर गिट्टी इतकी मळकी दाखवली नसती, असा आपला माझा अंदाज.

तुम्ही ऐकलं तेही खोटं नाही, पण ते सगळीकडे लागू नाही. मी फोटोत गाडी नंतर पाहिली, आधी रूळ पाहिले, जन्मभराची खोड. डावीकडची लांब नाकाची, जांभळ्या-पांढऱ्या रंगाची गाडी ‘त्सुबासा’. पलीकडे स्टीलच्या डब्यांची लोकल. दोघींच्या खालच्या रुळांतलं अंतर, म्हणजे गेज, सारखं आहे, १४३५ मिलिमीटर. आता फोटोच्या अगदी उजव्या कडेला बघा, एक डिझेलचा डबा अर्धाच आला आहे. तिथे वर वीजतार नाही आणि रूळही एकमेकांच्या जवळ आहेत. ते १०६७ मिलिमीटर. तो योनेसाका नावाचा फाटा. म्हणजे एका स्टेशनात तीन तऱ्हेच्या गाड्या आणि दोन गेज. ज्यानं जुनं मूर्तिजापूर पाहिलं आहे त्याला यात नवल वाटू नये. आपल्याकडेही एका अंगाला मुंबई–हावड्याची ब्रॉडगेज आणि दुसऱ्या अंगाला ७६२ मिलिमीटरची छोटी गाडी शकुंतला होतीच.

जपाननं १८७२ मध्ये पहिली गाडी चालवली ती १०६७ च्या रुळावर, आणि मग देशभर तेच गेज पसरलं. डोंगराळ मुलूख, वळणं फार, त्या रुळावर वेगाला मर्यादा. म्हणून १९६४ मध्ये टोकियो ते शिन-ओसाका हा ५१५ किलोमीटरचा पहिला शिनकानसेन, म्हणजे बुलेटचा मार्ग काढताना त्यांनी जुन्या रुळांना हातच लावला नाही. १४३५ चे नवे रूळ टाकले, वाटेत एकही फाटक ठेवलं नाही आणि गाडी ताशी २१० नं सोडली. ‘बुलेटले वेगळा रस्ता’ म्हणता तो हा. तिथल्या बहुतेक मोठ्या स्टेशनांत अजूनही बुलेटचे फलाट वर, लोकलचे खाली, आणि मधे वेगळं तिकीट-फाटक असतं. काही ठिकाणी तर जुनं स्टेशन गावात आणि बुलेटचं गावाबाहेर.

१९८२ मध्ये असाच एक मार्ग उत्तरेकडे मोरिओकापर्यंत गेला. तो फुकुशिमावरून जातो, यामागाता मात्र डोंगरापलीकडे आडबाजूला. टोकियोचा माणूस फुकुशिमापर्यंत सुसाट यायचा आणि तिथे पेटी उचलून जुन्या गेजच्या गाडीत बसायचा. बैलगाडीची चाकं एका चाकोरीतून दुसऱ्या रुंदीच्या चाकोरीत जात नाहीत, तसंच हे. डोंगर फोडून पूर्ण नवा बुलेटमार्ग टाकायचा तर खर्च न झेपणारा. मग त्यांनी असं केलं, की फुकुशिमा ते यामागाता हा ८७ किलोमीटरचा जुनाच मार्ग घेतला आणि त्याचं गेज १०६७ चं १४३५ केलं. १ जुलै १९९२ ला त्यावरून त्सुबासा सुरू झाली आणि १९९९ मध्ये ती पुढे शिंजोपर्यंत गेली.

आता तुमच्या लोकलचं. रुळाचं गेज बदललं की त्यावर चालणारी प्रत्येक गाडी बदलावी लागते. बुलेट यायची म्हणून गावोगावच्या लोकललाही १४३५ च्या चाकांवरचे डबे आणावे लागले. म्हणून योनेझावाला दोघी शेजारी उभ्या राहू शकतात.

रूळ बदलले, पण बोगदे आणि फलाट जुन्याच मापाचे राहिले. खऱ्या बुलेटचा डबा साधारण ३.४ मीटर रुंद, एका ओळीत पाच खुर्च्या. तो इथल्या बोगद्यात घासला असता. म्हणून त्सुबासाचा डबा २.९ मीटरच्या आसपासचा, चार खुर्च्यांचा. मग उलटी पंचाईत : हीच अरुंद गाडी टोकियोकडच्या रुंद फलाटांना लागली की दार आणि फलाट यांच्यात खड्डा पडतो. त्यावरचा उपाय मला फार आवडतो. दार उघडताना दाराखालून एक पायरी बाहेर येते आणि ती फट झाकते. गाडी सुटताना पायरी परत आत दुमडते. योनेझावाला फलाट जवळच असल्यानं तिचं काम पडत नाही. भाच्याला सांगा, फुकुशिमाला कधी उतरलास तर आधी खाली बघ, मग बाकी स्टेशन.

फुकुशिमाला आणखी बरंच घडतं. टोकियोहून येताना त्सुबासा ‘यामाबिको’ नावाच्या लांब गाडीला जोडून येते. फुकुशिमाला सुटते आणि डोंगराकडे वळते. वरच्या तारेतली वीज २५ हजार व्होल्टची २० हजार होते. बुलेटमार्गावर लोको पायलटला सिग्नल समोरच्या पटलावर दिसतो. इथून पुढे त्याला आपल्यासारखेच रुळाकाठचे सिग्नल बघत जावं लागतं. २०२४ मध्ये आलेली नवी गाडी फुकुशिमापर्यंत ताशी ३०० नं धावते, पुढे जास्तीत जास्त १३०. आपली वंदे भारतसुद्धा १३० नं पळते, हे पारावर आवर्जून सांगा. वाटेत फाटकं आहेत, फाटकाशी गाड्या थांबतात आणि समोरून बुलेट जाते. जपानचा १९७० चा कायदा ताशी २०० किंवा अधिक वेगाच्या मार्गालाच शिनकानसेन मानतो, म्हणजे योनेझावाची ही बुलेट कायद्यानं साध्या मार्गावरची एक्सप्रेसच ठरते. लोक मात्र बिनदिक्कत यामागाता शिनकानसेन म्हणतात.

यात एक गोष्ट फोटोत दिसत नाही, आणि मला ती सगळ्यात महत्त्वाची वाटते. फुकुशिमाला गाडी बदलण्याचा त्रास गेला, पण संपला नाही. तो पुढे सरकला. शिंजोच्या उत्तरेला अजून १०६७ चेच रूळ आहेत. पूर्वी याच मार्गानं दक्षिणेकडची गाडी थेट आकिताकडे जाई. आता शिंजोला सगळ्यांना उतरावं लागतं, कारण रूळच तिथे बदलतात. योनेसाका फाट्यावरची गाडी यामागाताकडे वळू शकत नाही, तिचंही गेज वेगळं. जपानी रेल्वेनं हे समजून-उमजून केलं. टोकियोला जाणारे जास्त, त्यांची बदली वाचवली. उत्तरेला जाणारे कमी, त्यांच्यावर ती टाकली. शिंजोला निदान एवढं पाहिलं, की एका गाडीतून उतरून दुसरीकडे जाताना जिना चढावा लागत नाही.

आणि गंमत पाहा, त्याच १९९२ मध्ये आपल्याकडे देशभर एकच गेज करण्याची योजना सुरू झाली. आपण गेजचे सांधे मिटवायला निघालो आणि ते एक नवा सांधा तयार करत होते. दोघांचंही आपापल्या जागी बरोबर होतं, असं माझं मत. मूर्तिजापूरला शकुंतलेच्या डब्यातून कापसाच्या गठाणी उतरवून ब्रॉडगेजच्या वाघिणीत चढवणाऱ्या हमालांच्या पाठी ज्यांनी पाहिल्या, ते सांधा मिटवण्याच्याच बाजूनं बोलतील.

प्रश्न : मी बडनेऱ्याला रोज ये-जा करतो. आमची पॅसेंजर लूप लाइनवर घालतात अन् मागून सुपरफास्ट काढतात. एका रुळावर दोन्ही चालतात म्हणता, तर जपानात बुलेटसाठी लोकल अशीच ताटकळते का? की तिकडे गरिबाच्या गाडीलाही किंमत आहे?
— रोजचा प्रवासी, मूर्तिजापूर

उत्तर : ताटकळते. यामागाताकडचा हा मार्ग काही भागात एकेरी आहे. एकेरी मार्गावर समोरून गाडी आली की कुणीतरी बाजूच्या रुळावर थांबायलाच हवं, आणि तिथेही थांबते ती लोकलच. फरक एवढाच की ते थांबणं वेळापत्रकात आधीपासून धरलेलं असतं. ‘सिग्नल नाही’ म्हणून अचानक उभं राहणं क्वचित. माणूस थांबण्यानं जेवढा वैतागत नाही तेवढा किती थांबायचं ते न कळण्यानं वैतागतो; हे तुम्हाला बडनेऱ्याच्या आउटरवर कळलंच असेल.

गरिबाच्या गाडीची किंमत म्हणाल, तर तिकडचं चित्र फार गोड नाही. फुकुशिमा आणि योनेझावा यांच्यामध्ये इताया घाट आहे. चढ हजाराला ३८, म्हणजे साधारण २६ ला १. आपला बोर घाट ३७ ला १, त्याहून हा खडा. रेल्वे १८९९ मध्ये इथे पोचली तेव्हा इंजिनाला चढावर थांबून पुन्हा उचल घेता येत नसे, म्हणून ओळीनं चार स्टेशनं सपाट बाजूपट्टीवर बांधली. गाडी पुढे जाऊन, मागे येऊन, मग वर चढायची. गेजबदलाच्या कामात १९९० मध्ये हा सगळा खटाटोप बंद झाला आणि फलाट मुख्य रुळावर आले.

त्या चारांतलं एक तोगे. बर्फापासून बचावाच्या प्रचंड छपराखाली अख्खं स्टेशन आहे. तिथे तांदळाच्या, आत गोड सारण भरलेल्या मोच्या विकायची जुनी रीत अजून टिकून आहे. विकणारा गळ्यात खोका अडकवून फलाटावर येतो आणि लोकल थांबते तेवढ्या क्षणात व्यवहार उरकतो. सुटे पैसे हातातच तयार ठेवावे लागतात. त्सुबासा तिथून धडधडत निघून जाते, तिला मोचीशी देणंघेणं नाही. पण त्सुबासा जवळजवळ दर तासाला, आणि घाटातली लोकल दिवसभरात हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. एक चुकली तर पुढच्या गाडीसाठी तासन्‌तास. त्या चारांतलं आकाइवा हे स्टेशन तर २०२१ मध्ये कायमचं बंद केलं, कारण उतरणारं कुणी उरलं नव्हतं.

बुलेटमुळे योनेझावा टोकियोपासून दोन तासांच्या आसपास आलं. मधल्या खेड्यांच्या वाट्याला मात्र खिडकीबाहेरून जाणारी बुलेट आली. कुणी मला ‘जपानात सगळं छान’ म्हणालं की मी त्याला आकाइवा सांगतो.

घाटानं बुलेटलाही सोडलेलं नाही. बर्फ, जोराचा पाऊस आणि जंगली जनावरं यांनी त्सुबासा अडते, आणि ती फुकुशिमाला दुसऱ्या गाडीशी जोडायची असल्यानं एकीचा उशीर दुसरीला लागतो. त्यावर घाटाखालून सुमारे २३ किलोमीटरचा बोगदा काढायची चर्चा बरीच वर्षं चालू आहे.

प्रश्न : आदरणीय काका, मी निवृत्त शिक्षिका आहे. शकुंतलेनं माहेरी जाणारी आमची पिढी. आता ती बंद आहे. तुम्ही लिहिता तसं जपाननं जुन्या मार्गाचंच गेज बदललं, मग यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर मार्गावर बुलेट ट्रेन मागायला काय हरकत आहे? निवेदन तयार करायचं आहे, दोन मुद्दे द्या.
— एक वाचक भगिनी, दारव्हा

उत्तर : ताई, बुलेट मागू नका. निवेदनाची पहिलीच ओळ वाचून साहेब हसतील आणि पुढचं वाचणार नाहीत.

मुंबई–अहमदाबाद बुलेटचं तंत्र जपानचं आहे, गेज १४३५. आपलं ब्रॉडगेज १६७६. ती गाडी आपल्या रुळावर येऊ शकत नाही; तिला सगळीकडे नवाच मार्ग लागणार. शिवाय आपल्याला जपानची युक्ती करायची गरजच नाही, कारण आपलं ब्रॉडगेज आधीच रुंद आहे. २०२२ च्या डिसेंबरात नागपूर–बिलासपूर वंदे भारत सुरू झाली ती मालगाडीच्या, पॅसेंजरच्या त्याच रुळांवरून. योनेझावाला जे पैसे ओतून साधलं ते आपल्याकडे ब्रॉडगेजच्या कुठल्याही स्टेशनात रोज होतं.

तुमच्या मार्गाची अडचण वेगळी. शकुंतलेचे दोन्ही फाटे मिळून १९० किलोमीटरच्या आसपास, गेज ७६२. मँचेस्टरमध्ये १९२१ मध्ये बनलेलं वाफेचं इंजिन त्यावर १९९४ पर्यंत चाललं, मग डिझेल आलं. मार्ग ब्रिटिशांच्या काळातल्या खासगी कंपनीच्या मालकीचा, त्याचा गुंता निराळा. म्हणून मागणी ब्रॉडगेजची हवी, आणि ती करताना दोन गोष्टी जरूर लिहा.

पहिली, कामाची मुदत. जपानात मोरिओका ते आकिता हीही अशीच गेज बदललेली बुलेट, १९९७ ची. तिच्यासाठी ताझावाको हा ७५ किलोमीटरचा डोंगरी मार्ग १९९६ च्या मार्चअखेरीस पूर्ण बंद केला, तोवर लोकांसाठी बस लावल्या आणि पुढच्या मार्चला गाडी सुरू केली. आपल्याकडे नागपूर–नागभीडची छोटी गाडी २०१९ मध्ये बंद झाली आणि त्यानंतर कित्येक वर्षं उमरेडकडची माणसं बस आणि ऑटोवर राहिली. बंद करा, पण कधी सुरू करणार ते लिहून द्या, आणि मधल्या काळात एसटीच्या जादा फेऱ्या द्या. दारव्ह्याच्या बसस्टँडवर सकाळी किती माणसं उभी असतात हे मोजून निवेदनाला जोडा. साहेब लोकांना आकडा दिसला की ते थांबून वाचतात.

दुसरी, मूर्तिजापूरची बदली. लोक रुळांबद्दल भांडतात आणि फलाट विसरतात. जपानच्या क्यूशू बेटावर ताकेओ-ओन्सेन नावाचं स्टेशन आहे. नागासाकीकडचा ६६ किलोमीटरचा बुलेटमार्ग २०२२ मध्ये तिथून सुरू झाला, पण तो बाकीच्या बुलेटमार्गांना जोडलेला नाही. मग त्यांनी एकाच फलाटाच्या एका कडेला साधी एक्सप्रेस आणि समोरच्या कडेला बुलेट उभी केली. फलाट ओलांडला की दुसरी गाडी. जिना नाही, धावपळ नाही, आणि वेळाही एकमेकींना जुळवलेल्या. यवतमाळकडून येणारी गाडी आणि मुंबईची गाडी मूर्तिजापूरला अशी समोरासमोर मिळावी, हे आत्ताच, आराखडा कागदावर असतानाच मागा. फलाट एकदा बांधून झाला की मग फक्त पादचारी पूल मिळतो, आणि तुमच्या-माझ्या गुडघ्यांना पूल काय कामाचा.

वर्धा–यवतमाळ–नांदेड या नव्या मार्गाचं वर्धा–कळंबपर्यंतचं काम होऊन २०२४ मध्ये गाडी सुरू झाली आहे. ती यवतमाळला पोचेल तेव्हा तिथली बदलीही अशीच विचारात घ्या, असं एक वाक्य निवेदनात टाका. बाकी भावनेचं, माहेराचं शेवटच्या परिच्छेदात येऊ द्या. ते तुम्ही माझ्यापेक्षा चांगलं लिहाल.

प्रश्न : जपानात स्टेशनातच गरम पाण्याच्या आंघोळीची सोय असते, असं माझी मुलगी सांगते. खरं का? की ती मला बनवते?
— एक गृहिणी, ता. मंगरूळपीर

उत्तर : बनवत नाही. योनेझावाच्या थोडं पुढचं ताकाहाता स्टेशन घ्या. त्सुबासाही थांबते, लोकलही थांबते, आणि स्टेशनाच्या इमारतीत गरम झऱ्याच्या पाण्याचं स्नानगृह आहे. पैसे भरायचे, बायकांची बाजू वेगळी, पुरुषांची वेगळी, आधी बाहेर अंग स्वच्छ धुऊन मगच टाक्यात उतरायचं. गावातले म्हातारेकोतारेही तिथे नुसते आंघोळीला येतात.

माझी आवडती सोय मात्र इवाते भागातल्या होत्तोयुदा स्टेशनातली. तिथे बुलेट जात नाही, साधी डिझेलची गाडी, तीही थोडी. स्नानगृहाच्या आत भिंतीवर सिग्नलचे दिवे लावले आहेत. गाडीला पाऊण तास असताना हिरवा, अर्धा तास उरला की पिवळा, शेवटच्या पंधरा मिनिटांत लाल. लाल लागला की पाण्यातून निघून केस पुसायला लागायचं. मुलीला म्हणावं, जाशील तेव्हा लाल दिव्याची वाट पाहू नकोस, पिवळ्यालाच बाहेर ये.